नावातून गळलेली बाई

आमच्या फिल्म सोसायटीत सिनेमा सुरू होण्याआधी प्रेक्षकांच्या हातात एक टिपण ठेवतात. ए-फोर कागद मधोमध दुमडलेला, दोन्ही बाजूंनी झेरॉक्स, वर सिनेमाचं नाव, खाली चौकटीत दिग्दर्शक, साल, देश, लांबी. गेली काही वर्षं हे टिपण मीच लिहितो. किंग हू या दिग्दर्शकाचा ‘अ टच ऑफ झेन’ हा तैवानी तलवारपट लावला होता तेव्हाही मीच लिहिलं. तीन तासांचा सिनेमा, वाचनालयाचा हॉल, चाळीसेक खुर्च्या, मध्यंतरात चहा. संपल्यावर खुर्च्या एकात एक घालत असताना निवृत्त शिक्षिका असलेल्या आमच्या एक जुन्या सभासद बाई टिपण हातात धरून आल्या. म्हणाल्या, “काय रे, ही पोरगी पुढे कुठे गेली?”

मी म्हटलं, “मठात जाते ना बाई, शेवटी.”

“सिनेमातलं नाही रे विचारत. ती, काम करणारी. इथं तर तिचं नुसतं नाव दिलंयस.”

त्यांनी बोट ठेवलं तिथे खरोखरच नुसतं नाव होतं. किंग हूवर दीड पान होतं: बीजिंगमध्ये जन्म, हाँगकाँगला येणं, तिथल्या शॉ ब्रदर्स या चित्रपटसंस्थेशी बिनसणं, तैवानला जाऊन स्टुडिओ उभारायला मदत करणं, फ्रान्समधला कान महोत्सव. आणि ज्या बाईच्या चेहऱ्यावर तीन तासांचा सिनेमा उभा आहे तिच्यासाठी कंसातलं एक नाव: शू फेंग. मला उत्तर येत नव्हतं अशातला भाग नाही. येत होतं, तरी लिहिलं नव्हतं. ते मला फार लागलं आणि हा लेख त्यातूनच सुचला.

माझं म्हणणं सरळ आहे. अभिनेत्रीची कारकीर्द ही दिग्दर्शकाच्या चरित्रातला एक परिच्छेद म्हणून लिहायची जी सवय आपल्याला, म्हणजे सिनेमावर लिहिणाऱ्या, महोत्सव भरवणाऱ्या, अभ्यासक्रम आखणाऱ्या सगळ्यांनाच लागली आहे, ती चुकीची आहे. आणि हा केवळ सौजन्याचा प्रश्न नव्हे. त्या सवयीमुळे इतिहासच चुकीचा लिहिला जातो. तैवानच्या तलवारपटांइतकं याचं ढळढळीत उदाहरण मला दुसरं माहीत नाही.

नावापासूनच सुरुवात करू. ‘अ टच ऑफ झेन’ हे त्या सिनेमाचं नावच नाही. मूळ चिनी नाव आहे ‘शिया न्यू’. ‘न्यू’ म्हणजे स्त्री. ‘शिया’ला मराठीत नेमका शब्द नाही. सरकारच्या पदरी नसलेला, स्वतःच्या बळावर न्यायासाठी शस्त्र उचलणारा माणूस, असं काहीसं. ज्या चित्रप्रकाराला जग ‘वूशिया’ म्हणून ओळखतं त्यातला ‘शिया’ हाच. फू सोंगलिंग या सतराव्या शतकात जन्मलेल्या लेखकाच्या एका छोट्या कथेवर सिनेमा बेतलेला आहे, त्या कथेचं नावही हेच. म्हणजे कथेचं नाव बाई, सिनेमाचं नाव बाई. पडद्यावर बापाच्या खुनानंतर परागंदा झालेली, पडक्या किल्ल्यात राहणारी यांग ह्वीझेन नावाची बाई. हा सिनेमा समुद्रापार गेला तेव्हा नावातली बाई गळाली आणि तिच्या जागी झेन आलं. शेवटच्या भागात बौद्ध भिक्षू येतात, पडद्यावर सोनेरी प्रकाश येतो, हे खरं आहे. पण ज्यानं कुणी हे नाव दिलं त्याला ठाऊक असावं की पाश्चात्त्य प्रेक्षकाला तलवारवाली बाई विकण्यापेक्षा अध्यात्म विकणं सोपं जाईल. आम्हीही तेच नाव झेरॉक्सवर छापतो. अगदी चौकटीत, जाड ठशात.

आता त्या पोरगीबद्दल, बाईंच्या शब्दांत सांगायचं तर.

शू फेंगचा जन्म 1950 चा, तैपेईचा. घरची परिस्थिती बेताची, त्यामुळे सोळाव्या वर्षाच्या आसपासच ती पोटापाण्यासाठी सिनेमात आली. कलेची ओढ वगैरे नंतरची गोष्ट. किंग हूच्याच 1967 च्या ‘ड्रॅगन इन’मध्ये तिला एक छोटं काम मिळालं. त्या सिनेमाची नायिका होती शांगग्वान लिंगफेंग, तीही विशीच्या आतली. पुरुषी वेषात सरायीत शिरणारी, फेकलेल्या वस्तू हवेत झेलणारी. सिनेमा तुफान चालला. त्याच्या यशाच्या जोरावर किंग हूनं पुढच्या सिनेमासाठी हवा तेवढा वेळ मागून घेतला आणि नायिका म्हणून शू फेंगला उभं केलं. बांबूच्या बनातली एक लढाई चित्रित करायला 25 दिवस लागले, हे आता सिनेमाच्या दंतकथांत जमा झालं आहे. तैवानमध्ये 1970 आणि 1971 मध्ये हा सिनेमा दोन भागांत लागला आणि पडला. हाँगकाँगला कापून-छाटून एकच केला. मग 1975 साली पूर्ण लांबीचा सिनेमा कानला गेला आणि तिथल्या तांत्रिक आयोगाचं पारितोषिक घेऊन आला.

इथवर आलं की माझे मित्र म्हणतात, आणि ते मूर्ख नाहीत, की बाबा रे, तूच बघ. पारितोषिक तांत्रिक आहे. बाईला युद्धकला येत नव्हती. उड्या ट्रँपोलिनवरून मारलेल्या, झेपा कापाकापीतून निर्माण केलेल्या. वेष किंग हूचे, सेट किंग हूचा, संकलन किंग हूचं. तिनं केलं काय?

या प्रश्नाला उत्तर द्यायचं तर सिनेमा पुन्हा नीट बघावा लागतो. मी तो त्यानंतर दोनदा पाहिला आणि प्रत्येक वेळी फक्त तिच्याकडे बघत राहिलो.

पहिला जवळजवळ तासभर तलवार निघतच नाही. गावात चित्रं काढून पोट भरणारा एक बावळट, सज्जन, तिशी उलटलेला विद्वान आहे. त्याच्या शेजारच्या पडक्या वास्तूत ही राहायला येते. त्याची आई लगेच सोयरीक जुळवायला बघते. त्या तासाभरात शू फेंग जे करते त्याला आपल्याकडे ‘काही न करणं’ म्हणतात. ती उभी राहते. मान न वळवता डोळे फिरवते. कुणी बोलत असेल तर बोलणाऱ्याकडे बघत नाही, त्याच्या मागच्या दाराकडे बघते. पहिल्यांदा बघताना वाटतं की नवखी मुलगी आहे, अवघडली आहे. मग लढाई सुरू होते आणि लक्षात येतं की ती इतका वेळ दारं मोजत होती. जिच्या मागावर मारेकरी आहेत ती बाई खोलीत शिरल्यावर आधी काय बघेल? बाहेर पडायची वाट. हे तिनं कुठल्याही संवादाशिवाय केलं आहे. संकलकाला कापायला आधी हातात काहीतरी असावं लागतं.

बांबूच्या बनात तेच दिसतं. एकेक शॉट सेकंदाच्या अंशाचा आहे. पाय, बाही, पातं, पान. माणूस कुठून कुठे गेला हे डोळ्याला पूर्ण कळतच नाही, आणि ते कळू नये अशीच योजना आहे. मग ती उंच बांबूंवरून तलवार पुढे करून थेट खाली झेपावते. पण या तुकड्यांना जोडणारा धागा कोणता? दर दोन-चार तुकड्यांनंतर येणारा तिचा थिजलेला चेहरा. तो चेहरा जर घाबरलेला, रागावलेला किंवा ‘बघा मी कशी लढते’ असा असता तर ती सगळी कापाकापी जादूच्या प्रयोगासारखी दिसली असती. ट्रँपोलिनवरून उडी कुणीही मारेल. उडी मारून खाली आल्यावर, आपण उडालोच नव्हतो अशा चेहऱ्यानं उभं राहणं हे काम आहे, आणि ते तिचं आहे.

आणखी एक गोष्ट, जी टिपणात लिहायला मी कचरलो होतो. ही नायिका लग्न करत नाही. सोयरीक नाकारते, आपल्या मर्जीनं एक रात्र त्या विद्वानासोबत घालवते, मूल होतं, ते त्याच्या हवाली करते आणि निघून जाते. पुढचा काही काळ तो विद्वान तान्हं मूल सांभाळत रानोमाळ हिंडतो आणि ती त्याच्या रक्षणासाठी लढते. 1970 सालच्या व्यावसायिक सिनेमात! हे अर्थात मूळ कथेतून आलेलं आहे. पण कागदावरची अशी बाई पडद्यावर आणताना नटी जराशी लाजली, जराशी रडली, तर सगळं चौकटीत परत येतं. शू फेंग लाजत नाही.

या बायका तलवार घेऊन पडद्यावर अचानक उगवल्या नाहीत, हेही सांगायला हवं, कारण श्रेय एकट्या किंग हूला देताना आपण हेच विसरतो. चिनी रंगभूमीवर एकीकडे पुरुषांनी स्त्रीभूमिका करायची थोर परंपरा. बालगंधर्वांच्या मुलखात ती वेगळी समजावून सांगायला नको. पण दुसरीकडे तैवानच्या लोकनाट्यात, ज्याला ‘गझायशी’ म्हणतात, बायका नायकाची कामं करत आणि बायकांचेच थवे त्यांच्यावर फिदा असत. 1963 साली हाँगकाँगचा ‘द लव्ह इटर्न’ हा संगीतपट तैवानमध्ये आला. त्यात नायकाचं काम लिंग पो या अभिनेत्रीनं केलं होतं, आणि तैपेईत तिच्यासाठी लोक वेडे झाले. तोच सिनेमा पुनःपुन्हा बघणारी माणसं होती. त्या सिनेमाच्या दिग्दर्शकाच्या हाताखाली काम करत होता तरुण किंग हू. तीन वर्षांनी त्यानं ‘कम ड्रिंक विथ मी’मध्ये चेंग पेइ-पेइ या नृत्य शिकलेल्या मुलीला पुरुषी वेषात तलवार देऊन सरायीत बसवलं, ते त्याच्या मनातली एक स्वैर कल्पना म्हणून नव्हे. त्याला ठाऊक होतं की प्रेक्षक तयार आहे. तो तयार केला होता रंगभूमीवरच्या बायकांनी.

मग ती लाट ओसरली. हाँगकाँगमध्ये चांग चे या दिग्दर्शकानं मर्दानी सिनेमाचा पुरस्कार मोठ्या आवाजात केला. त्याची तक्रारच होती की पडद्यावर बायकांचं राज्य फार झालं. पाठोपाठ ब्रूस ली आला आणि तलवारीची जागा मुठीनं घेतली. तलवारीला दंडाचा घेर लागत नाही, तोल आणि नजर लागते. मुठीच्या सिनेमात उघडी छाती विकली जाते. माझ्या मते बायका मागे पडायचं हे मोठं कारण आहे, त्यांचं कौशल्य कमी पडलं हे नव्हे. अँजेला माओ घ्या. तैवानमध्ये जन्मलेली, लहानपणापासून ऑपेरा शाळेत तयार झालेली, पुढे हापकिडो ही कोरियन युद्धकला शिकलेली. 1972 च्या ‘हापकिडो’मध्ये ती ज्या सफाईनं लाथा मारते त्यापुढे भलेभले फिके पडतील. पण जगाला ती माहीत आहे ‘एंटर द ड्रॅगन’मधली ब्रूस लीची बहीण म्हणून. एका पूर्वकथेत काही मिनिटं पळते, लढते आणि स्वतःला संपवते, म्हणजे भावाला सूड घ्यायला कारण मिळावं. आपल्याकडच्या कितीतरी प्रेक्षकांनी तिला तेवढंच पाहिलं आहे. लग्नानंतर ती हळूहळू सिनेमातून बाहेर पडली आणि पुढे न्यूयॉर्कला जाऊन घरच्यांबरोबर उपाहारगृहं चालवू लागली. शांगग्वान लिंगफेंगनं 1973 साली तैवानचा सर्वोच्च गोल्डन हॉर्स पुरस्कार मिळवला होता. तीही पुढे चित्रपट सोडून अमेरिकेला गेली. तिचे सत्तरच्या दशकातले सिनेमे परदेशात कसे पोचले, तर कडा कापलेल्या, भलत्याच आवाजात इंग्रजी बोलणाऱ्या कॅसेटवर. वर नाव ‘पॉली’. तिचंही नाव बदललं, बघा.

शू फेंगनं 1976 आणि 1980 असे दोनदा गोल्डन हॉर्सचे अभिनेत्रीचे पुरस्कार घेतले. सत्तरच्या दशकभर किंग हूबरोबर तिचं काम चालूच होतं. ‘द फेट ऑफ ली खान’मध्ये ती खलनायकाची बहीण आहे, भावापेक्षा थंड डोक्याची. ‘द व्हॅलियंट वन्स’मध्ये जवळजवळ अख्खा सिनेमा न बोलता काढते. 1979 च्या ‘रेनिंग इन द माउंटन’मध्ये मठातली पोथी चोरायला आलेली चोरटी. एकाच दिग्दर्शकाकडे हिरॉइन, खलनायिका, मुकी धनुर्धर, चोर! मग लग्न, मुलं, आणि इतरांप्रमाणे तिचाही अभिनय थांबला. बहुतेक लेखांत इथेच पूर्णविराम पडतो. फार तर एक ओळ: ‘पुढे ती निर्माती झाली.’

ही एक ओळ माझ्या मते गुन्हा आहे.

ऐंशीच्या दशकात तिनं टॉमसन नावाची चित्रपटसंस्था काढली. 1990 साली त्या संस्थेच्या ‘रेड डस्ट’नं गोल्डन हॉर्समध्ये आठ पुरस्कार घेतले. त्याआधीच, 1988 साली कान महोत्सवात ती छेन काइगे या बीजिंगच्या दिग्दर्शकाला भेटली. तो तेव्हा तिथे स्वतःचा ‘किंग ऑफ द चिल्ड्रन’ घेऊन आला होता. तिच्याजवळ हाँगकाँगच्या लेखिका लिलियन ली यांची एक कादंबरी होती: बीजिंग ऑपेरातल्या दोन नटांची, त्यातल्या एकानं आयुष्यभर स्त्रीभूमिका केलेल्या. दिग्दर्शकाला सुरुवातीला त्यात गम्य वाटलं नाही. तिनं पिच्छा सोडला नाही. लक्षात घ्या, तैवान आणि चीन यांच्यात तेव्हा उघड येणं-जाणं नुकतंच कुठे सुरू होत होतं. तैवानची निर्माती, चीनचा दिग्दर्शक, हाँगकाँगची कथा आणि हाँगकाँगचा नट लेस्ली चुंग. ही मोट कुणीतरी बांधली म्हणून बांधली गेली. 1993 साली या सिनेमाला, ‘फेअरवेल माय काँक्युबाइन’ला, पाम दोर हा कानचा सर्वोच्च पुरस्कार मिळाला.

आता गंमत बघा. त्या वर्षी पाम दोर विभागून दिला गेला. दुसरा अर्धा भाग जेन कॅम्पियनच्या ‘द पियानो’ला. त्या वर्षाचा उल्लेख झाला की प्रत्येक लेखात हे वाक्य येतंच: पाम दोर मिळवणारी पहिली स्त्री दिग्दर्शक. बरोबरच आहे, ते यायलाच हवं. पण त्याच पुरस्काराच्या उरलेल्या अर्ध्यामागेही एक बाई उभी होती, जिनं ती कथा हेरली, हक्क घेतले, दिग्दर्शक निवडला, पैसा उभा केला. तिचा उल्लेख किती ठिकाणी वाचला? मीसुद्धा या सिनेमाचं टिपण काही वर्षांपूर्वी लिहिलं होतं. फाईल काढून बघितलं. त्यात छेन काइगे, लेस्ली चुंग, गाँग ली, सांस्कृतिक क्रांती, सगळं आहे. शू फेंग नाही. म्हणजे दोन टिपणं, दोन सिनेमे, आणि ती एकच बाई आहे हे मी वाचकाला कळूही दिलं नाही.

‘शिया न्यू’मध्ये बीजिंग ऑपेराच्या लयीवर लढणारी मुलगी वीस-बावीस वर्षांनी बीजिंग ऑपेरावरचाच सिनेमा काढते, ही कारकिर्दीतली सलग रेघ आहे. दिग्दर्शकाच्या बाबतीत असं काही सापडलं की आपण त्याला ‘आशयसूत्र’ म्हणतो आणि त्यावर पीएच.ड्या होतात.

यावरचा खरा आक्षेप वेगळाच आहे आणि तो मी टाळणार नाही. तिचे पती तांग जुननियन हे मोठे उद्योजक होते. टॉमसन समूह त्यांचा. पुढे त्यांच्या निधनानंतर ती त्या समूहाची अध्यक्ष झाली. म्हणजे निर्मिती शक्य झाली ती घरच्या पैशामुळे. मग हे तिचं कर्तृत्व की श्रीमंतीचं?

अर्धं उत्तर सोपं आहे. पैसा असलेल्या माणसांची जगात कमतरता नाही; त्यांनी काढलेले सिनेमे आठवून पाहा. पैसेवाल्या पुरुष निर्मात्याला आपण कधी विचारतो का की तुमचा पैसा कुठला? त्याला दूरदृष्टीचा म्हणतो. उरलेलं अर्धं उत्तर मात्र मला अडचणीत आणतं. शू फेंगची गोष्ट मी आदर्श म्हणून सांगू शकत नाही. ज्या वयात नटीला कामं मिळणं बंद होतं त्या वयात तिला दुसरं दार उघडता आलं कारण ते दार विकत घेण्याची ऐपत होती. बाकीच्यांकडे ती नव्हती, म्हणून त्यांची कारकीर्द तिशीत संपली. त्यांनी ‘संसारासाठी सिनेमा सोडला’ असं आपण कौतुकानं लिहितो. सिनेमानंही त्यांना सोडलं होतं, हे लिहीत नाही. एकीच्या यशाची गोष्ट सांगून या धंद्याला निर्दोष ठरवता येणार नाही.

आणि आता सगळ्यात बोचणारा भाग. 2015 साली कानच्या अभिजात विभागात ‘शिया न्यू’ची नवी, 4के पद्धतीनं दुरुस्त केलेली प्रत दाखवली गेली. मूळ निगेटिव्हवरून इटलीतल्या बोलोन्याच्या प्रयोगशाळेत काम झालं. त्यासाठी पैसा दिला शू फेंगनं. म्हणजे पंचेचाळीस वर्षांपूर्वी ज्या मुलीनं त्यात काम केलं, तिनंच म्हातारपणाच्या उंबरठ्यावर त्यावरची धूळ झटकायचा खर्च उचलला. आम्ही वाचनालयाच्या हॉलमध्ये जी लख्ख हिरवी पानं बघून ‘वा, काय छायाचित्रण’ म्हणालो, ती पानं तिच्या खर्चानं हिरवी झाली आहेत. हे वाचून काही जणांना गहिवरून येतं. मला राग आला. राष्ट्राचा ठेवा म्हणून ज्या सिनेमाचा उल्लेख होतो त्याची डागडुजी एका नटीच्या औदार्यावर का अवलंबून असावी? तिच्याकडे पैसे नसते तर? शांगग्वानच्या त्या कॅसेटवरच्या सिनेमांसाठी कोण पैसे देणार? सार्वजनिक संग्रहालयं कुठल्या सिनेमावर आधी खर्च करायचा हे ठरवताना दिग्दर्शकाच्या नावाकडे बघतात. मोठ्या दिग्दर्शकाचा सिनेमा आधी, बाकीचे रांगेत. ज्यांनी किरकोळ दिग्दर्शकांच्या हाताखाली उत्तम कामं केली, त्या अभिनेत्री त्या रांगेतच विरघळून जातात. फिल्म कुणाची वाट बघत नाही.

आपण तरी काय वेगळं केलं? ललिता पवार म्हटलं की डोळ्यांसमोर खाष्ट सासू येते. 1930 च्या दशकात ही बाई मुंबईत स्टंटपटांची नायिका होती, निर्मातीही होती, हे किती जणांना सांगावं लागतं! 1942 साली चित्रीकरणात बसलेल्या एका थपडेनं चेहऱ्याला इजा झाली आणि डावा डोळा कायमचा बारीक झाला, तिथून पुढची ललिता पवार आपल्याला ठाऊक. आधीची बघायची तर सिनेमे हाती लागायला हवेत, आणि त्या काळच्या भारतीय सिनेमाचा बहुतांश भाग आज उरलेलाच नाही. तेव्हा तैवानकडे बोट दाखवताना आपलंही झाकून ठेवण्यासारखं नाही.

तैवानच्याच साय मिंग-लियांग या दिग्दर्शकाचा 2003 सालचा ‘गुडबाय, ड्रॅगन इन’ नावाचा सिनेमा आहे. तैपेईतलं एक जुनं थिएटर बंद होणार, शेवटच्या रात्री ‘ड्रॅगन इन’ लागलाय, बाहेर पाऊस. जेमतेम दहा-बारा प्रेक्षक. त्यांत दोन म्हातारे: मियाओ तियेन आणि शी जुन, म्हणजे पडद्यावर तरुणपणी लढणारे तेच दोन नट. एकाच्या डोळ्यांत पाणी. सिनेमाप्रेमींनी या प्रसंगावर पानंच्या पानं लिहिली आहेत, मीही लिहिलं आहे. पण त्याच सिनेमात दुसरं एक दृश्य आहे. तिकीटखिडकीवरची पायानं अधू बाई पडद्याच्या मागे जाऊन उभी राहते. पडद्याला बारीक भोकं असतात, आवाज यावा म्हणून. त्यांतून प्रकाशाचे ठिपके तिच्या चेहऱ्यावर पडतात. ती मान वर करून बघते. वर शांगग्वान लिंगफेंग तलवार घेऊन उभी आहे, अठरा वर्षांची, भल्यामोठ्या चेहऱ्याची. नट दोघे खुर्चीत बसलेत, नटी फक्त उजेडात आहे. साय मिंग-लियांगनं हे मुद्दाम केलं की नाही यावर वाद घालता येईल. माझं लक्ष तिकडे इतक्या वर्षांनी, बाईंनी टिपणावर बोट ठेवल्यावर गेलं, हे मात्र नक्की.

मग करायचं काय? मोठ्या गोष्टी मोठ्या संस्थांनी कराव्यात: दुरुस्तीच्या रांगेत अभिनेत्रींच्या नावानं जागा ठेवाव्यात, महोत्सवांनी दिग्दर्शकांसारखी नट्यांचीही पुनरावलोकनं भरवावीत, आणि तीही नुसत्या चेहऱ्यांची नकोत, कामाची हवीत. 2017 मध्ये गोल्डन हॉर्सनं शू फेंगला जीवनगौरव दिला, छानच झालं. पण जीवनगौरव हा प्रकार बहुधा उशिरा आलेल्या थकबाकीसारखा असतो. माझ्या हातात आहे तो एक ए-फोर कागद. पुढच्या महिन्यात ‘द फेट ऑफ ली खान’ लावतोय. मी चौकट नव्यानं आखली. दिग्दर्शकाच्या शेजारी, त्याच ठशात, अभिनेत्रींची नावं आणि प्रत्येकीच्या कामाबद्दल दोन-तीन ओळी. सराय चालवणारी ली लिह्वा, तिच्या हाताखालच्या चार चोरट्या वाढपिणी, आणि पलीकडच्या बाजूची शू फेंग. सहा जणी झाल्या.

छपाई बघणारा सहकारी म्हणाला, “अहो, एवढ्या नावांना जागा नाही. एका कागदात बसायचं तर किंग हूचं थोडं कमी करावं लागेल.”

“कर,” म्हटलं.

त्यानं शॉ ब्रदर्सशी बिनसल्याचा परिच्छेद काढला. तरी दोन ओळी जास्तच होतायत. आता अक्षर बारीक करायचं, की सोसायटीची वर्गणी भरण्याची सूचना मागच्या पानावर न्यायची, यावर आमचं अजून एकमत व्हायचंय.